पाठलाग कोणाचा, आणि कॅमेरा कोणाच्या खांद्यावर?

भीमजयंती जवळ आली की आमच्या घरी पोरांची वर्दळ सुरू होते. कोणाला व्याख्याता हवा असतो, कोणाला पावतीपुस्तकावर सही हवी असते, तर कोणी नुसताच जयभीम घालून चहा पिऊन जातो. पूर्वी हीच पोरे वहीत लिहिलेले पथनाट्य घेऊन येत. आता ती मोबाईल घेऊन येतात. परवा मालेगावच्या कॅम्पाकडच्या एका वस्तीतली चार पोरे आणि एक मुलगी अशी आली. त्यांनी एक लघुपट केला आहे. अकरा मिनिटांचा. "सर, चौदा तारखेला रात्री मिरवणूक संपल्यावर पडद्यावर दाखवायचा आहे. त्याआधी तुम्ही बघून घ्या," असे त्यांचे म्हणणे. बघून घ्या याचा अर्थ चांगला म्हणा, हे न कळण्याइतका हा स्तंभलेखक भोळा नाही. तरी चष्मा पुसून बसलो.

कथा थोडक्यात अशी. यंत्रमागावर रात्रपाळी करणारा एक तरुण. त्याला रोज सकाळी रस्त्यात एक मुलगी दिसते. तो तिच्या मागे जाऊ लागतो. आधी लांबून, मग जवळून. तिच्या क्लासची वेळ, तिचे वळण, तिच्या घराचा दरवाजा सगळे त्याला पाठ होते. मुलीला मागे पावले वाजताना ऐकू येतात. ती थांबली की पावले थांबतात. पोरांनी तो आवाज फार छान धरला आहे. मागांचा खडखडाट, मग एकदम शांतता, आणि त्या शांततेत चपलेचा आवाज. मग शेवटच्या तीन मिनिटांत गोष्ट उलटते. तो तरुण गल्लीच्या तोंडाशी उभा असतो आणि त्याच्या मागे एक मोटारसायकल येऊन थांबते. दुसरी येते. कोणीतरी त्याला नाव विचारतो. मग आडनाव विचारतो. पडदा काळा होतो आणि पावलांचा आवाज पुन्हा सुरू होतो. या वेळी पळणाऱ्या पावलांचा.

खरे सांगतो, शेवटाला माझ्या अंगावर काटा आला. आणि तरीही काहीतरी सलत होते. ते काय, हे मला चटकन सांगता येईना. ते त्या मुलीने सांगितले. त्याकडे येतो. पण आधी मालेगावबद्दल थोडे बोलले पाहिजे, कारण या पोरांना कॅमेरा हातात घ्यायचे धाडस कुठून आले, हे मालेगाव समजल्याशिवाय कळणार नाही.

मालेगाव म्हटले की नाशिक-मुंबईच्या लोकांच्या डोळ्यांपुढे दोनच गोष्टी येतात. दंगल आणि बॉम्बस्फोट. प्रस्थापित प्रसारमाध्यमांनी एवढेच मालेगाव महाराष्ट्राला दाखवले. मोसम नदीच्या एका काठाला यंत्रमागांचे मोमीन कामगार, दुसऱ्या काठाला हिंदू वस्ती, आणि दोन्हीकडच्या कडेकोपऱ्यांना आमच्या वस्त्या. या गावातले मोमीन विणकर १८५७ नंतर आणि पुढच्या दुष्काळांत उत्तर हिंदुस्थानातून पोटासाठी आलेले. या लोकांना दिवसाचे बारा तास मागापुढे उभे राहावे लागते. शुक्रवारी माग बंद. त्या एका सुट्टीच्या दिवसाची करमणूक म्हणजे सिनेमा.

याच गावात नासिर शेख नावाचा तरुण व्हिडिओ पार्लर चालवत असे. चार्ली चॅप्लिन आणि बस्टर कीटनपासून ब्रूस ली, जॅकी चॅनपर्यंत सगळे त्याने बघितलेले आणि दाखवलेले. चोरट्या कॅसेटींवरून पोलिसांची धाड पडली, तेव्हा त्याने ठरवले की दुसऱ्याचा सिनेमा दाखवायचाच कशाला, आपलाच काढू. २००० साली 'मालेगाव के शोले' निघाला. खर्च पन्नास हजारांच्या आसपास. डाकूंना घोडे परवडेनात म्हणून डाकू सायकलवर आले. आगगाडी मिळेना म्हणून बस आली. गब्बरचा रबरसिंग झाला, बसंतीची बासमती झाली. गाव लोटले. पुढे 'मालेगाव की शान' झाला, मग सुपरमॅन झाला. तो सुपरमॅन होता शफिक शेख, यंत्रमागावरचा किडकिडीत कामगार, ज्याचा शत्रू होता गावातली घाण आणि तंबाखू-गुटखा. फैझा अहमद खान यांनी त्या चित्रीकरणावर २००८ साली 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा माहितीपट केला. तो २०१२ साली देशातल्या चित्रपटगृहांत लागला. तोवर शफिक राहिला नव्हता. २०११ साली तोंडाच्या कर्करोगाने तो गेला. पडद्यावर ज्याच्याशी लढला, त्यानेच त्याला नेले. २०२५ साली रीमा कागती यांचा 'सुपरबॉईज ऑफ मालेगाव' आला आणि मल्टिप्लेक्समध्ये पॉपकॉर्न खाणाऱ्यांनीही नासिर, शफिक आणि फरोग जाफरी यांच्यासाठी डोळे पुसले. बरे झाले. पण जिवंतपणी त्या कामगाराला त्यातले किती मिळाले, हा प्रश्न विचारायला कोणी थांबले नाही.

त्या माहितीपटातले एक दृश्य मला विसरता येत नाही. चालणाऱ्या माणसाच्या बरोबरीने कॅमेरा न्यायचा असतो. मुंबईत त्यासाठी रूळ घालतात आणि त्यावर गाडी ढकलतात. मालेगावात नासिर सायकलवर बसतो, कॅमेरा हातात धरतो आणि बाकीचे सायकल पुढे नेतात. क्रेन हवी तर बैलगाडी. हे बघून लोक हसतात. मी हसलो नाही. ज्यांच्या हातात शतकानुशतके काहीच दिले गेले नाही, त्यांनी सायकलवर बसून जगाकडे बघायला सुरुवात केली, ही हसण्याची गोष्ट नव्हे. माझ्याकडे आलेल्या पोरांनीही त्यांचा पाठलागाचा सगळा भाग तसाच घेतला आहे. सायकलच्या मागच्या कॅरियरवर एक जण उलटा बसलेला, हातात मोबाईल. नासिरभाईंची विद्या अशी नदी ओलांडून आमच्या वस्तीत आली. दोन समाजांचे नेते एका व्यासपीठावर येण्याआधी दोन समाजांची पोरे एका सायकलवर आली आहेत, याची नोंद कोणी घेतली तर बरे.

आणि हे काही गरिबीचे रडगाणे नव्हे. तिकडे लंडनमध्ये ख्रिस्तोफर नोलन नावाच्या तरुणाने १९९८ साली 'फॉलोइंग' नावाचा कृष्णधवल सिनेमा काढला. मित्र गोळा करून, शनिवारी-शनिवारी, वर्षभर. खर्च सहा हजार डॉलरांच्या घरात. आज तो जगातल्या महागड्या दिग्दर्शकांत गणला जातो. विषय कोणता? एक बेकार तरुण रस्त्यावरच्या अनोळखी माणसांच्या मागे मागे जातो, त्याचे त्याला व्यसन लागते, आणि शेवटी त्याला कळते की जाळे त्याच्याचसाठी टाकलेले होते. लंडनचा शनिवार आणि मालेगावचा शुक्रवार यांत फरक एवढाच की लंडनच्या तरुणाला गल्लीत कोणी आडनाव विचारत नाही.

असो. आता त्या मुलीकडे येतो. लघुपट संपला, पोरे माझ्या तोंडाकडे बघत होती. मी म्हणालो, आवाज फार चांगला जमला आहे. तेवढ्यात ती म्हणाली, "सर, मी एक बोलू का? अकरा मिनिटांत माझी पाठच दिसते. तोंड एकदाच दिसतं, तेही घाबरलेलं. मी कोण, कुठून येते, कुठं चालले, काहीच नाही."

दिग्दर्शक पोरगा म्हणाला, "अगं, त्यात सस्पेन्स आहे ना."

"तुम्हाला सस्पेन्स वाटतो, दादा. आम्ही रोज तशाच घरी येतो."

पोरे गप्प. मीही गप्प. कारण मलाही त्या अकरा मिनिटांत तिच्याबद्दल एकही प्रश्न पडला नव्हता. मी त्या पोराच्याच डोळ्यांनी बघत होतो. कॅमेरा त्याच्या खांद्यावर होता ना!

मालेगावच्या सिनेमातही नायिकेचा हा तिढा पहिल्यापासून आहे. गावातली मुलगी पडद्यावर येणार नाही, म्हणून नायिका बाहेरगावाहून आणावी लागे. त्याबद्दल मी मोमीन समाजाला बोल लावणार नाही. आमच्या वस्तीत तरी वेगळे काय आहे? ही मुलगी आई-वडिलांशी भांडून आली आहे. तिचे नाव श्रेयनामावलीत घालायचे की नाही, यावर घरात अजून वाद चालू आहे.

मागे लागणे म्हणजे प्रेम, हे आपल्या पोरांना कोणी शिकवले? हिंदी सिनेमाने शिकवले. १९९३ सालचा 'डर' आठवा. एका मुलीचा पाठलाग करणारा, तिच्या घरात शिरणारा, तिचे जगणे हराम करणारा माणूस. आणि थिएटरात टाळ्या कोणाला? त्यालाच. मुलीच्या नवऱ्याचे काम करणारा नट नायक होता हे लोक विसरले. मग २००३ साली 'तेरे नाम' आला आणि गल्लीगल्लीतल्या पोरांनी त्या नायकासारखे केस वाढवले. त्या नायकाने मुलीला दमदाटी करून होकार मिळवला, हे केस वाढवणाऱ्यांनी लक्षात घेतले नाही. २०१३ साली 'रांझणा' आला. त्यातही तेच. आणि गंमत पाहा, त्याच २०१३ साली न्यायमूर्ती वर्मा समितीच्या अहवालानंतर कायदा बदलला आणि भारतीय दंड संहितेत ३५४-ड हे कलम आले. स्त्रीने स्पष्ट नकार दिल्यावरही तिच्या मागे मागे जाणे, तिच्याशी पुन्हा पुन्हा संपर्क साधणे, तिच्या इंटरनेटच्या वापरावर पाळत ठेवणे हा त्या दिवसापासून स्वतंत्र गुन्हा झाला. पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत शिक्षा, पुन्हा केल्यास पाच. १ जुलै २०२४ पासून तेच कलम भारतीय न्याय संहितेत ७८ क्रमांकाने आहे. पहिल्या गुन्ह्याला जामीन पोलीस ठाण्यातच मिळतो. म्हणजे सकाळी तक्रार केली तर संध्याकाळी तो पुन्हा त्याच वळणावर उभा राहू शकतो. आता आमची आई-बहीण पोलीस ठाण्याची पायरी चढते का, चढली तर तिथला अंमलदार तिला काय विचारतो, हे वाचकांना मी सांगायला नको.

मराठी सिनेमाला पाठलाग नवा नाही. राजा परांजपे यांचा 'पाठलाग' १९६४ साली आला. काशिनाथ घाणेकर त्यात होते. तो इतका गाजला की १९६६ साली हिंदीत त्याचा 'मेरा साया' झाला. उत्तम रहस्यपट, यात वाद नाही. पण ते रहस्य प्रतिष्ठितांच्या घरातले. त्यात कोणाला जात नाही. आमच्या पोरांनी केलेल्या लघुपटात शेवटच्या तीन मिनिटांत जात येते आणि म्हणून तो लघुपट त्या सगळ्यांहून वेगळा होतो. पण इथेच एक गोची आहे, आणि ती गोची चळवळीच्या लोकांनी समजून घेतली पाहिजे. मी पोरांना जे तोंडावर बोललो तेच इथे लिहितो. कोणाला राग आला तर येवो.

तुमच्या लघुपटात पहिल्या आठ मिनिटांत एक तरुण एका मुलीला छळतो. शेवटच्या तीन मिनिटांत त्या तरुणाच्या जिवावर जातीयवादी टोळके उठते. प्रेक्षक त्या तरुणासाठी हळहळतो आणि त्या मुलीला विसरून जातो. म्हणजे दुसऱ्या गुन्ह्याने पहिला गुन्हा धुऊन निघाला. असे होता कामा नये. आणि याहून वाईट असे की गावचा जातीयवादी नेमके उलटे करतो. तो पहिल्या गुन्ह्याचे नाव पुढे करून दुसरा गुन्हा झाकतो. पोरगा मुलीच्या मागे लागला होता, असे एकदा गावात सोडून दिले की काम झाले. मग खून हा खून राहत नाही, तो इज्जतीचा प्रश्न होतो. तुमचा लघुपट नकळत त्याच्याच हातात दगड देतो.

कारण ज्यांना आपण गमावले, ते कोणाच्या मागे लागलेले नव्हतेच. २८ एप्रिल २०१४. तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यातले खर्डा. नितीन आगे, वय सतरा वर्षे. सवर्ण मुलीशी बोलतो एवढ्या संशयावरून त्याला शाळेतून ओढून नेऊन, मारून, झाडाला टांगले. दिवसाढवळ्या. नोव्हेंबर २०१७ मध्ये न्यायालयातून सगळे आरोपी निर्दोष सुटले, कारण साक्षीदार एकामागून एक उलटले. शाळा होती, रस्ता होता, गाव होते, आणि कोणी काही पाहिले नव्हते! नितीनचा पाठलाग झाला होता. त्याने कोणाचा केला नव्हता. हा फरक जो विसरेल, त्याने या विषयाला हात लावू नये.

त्याच २०१४ सालच्या फेब्रुवारीत, म्हणजे खर्ड्याच्या अवघे दोन-अडीच महिने आधी, नागराज मंजुळे यांचा 'फॅन्ड्री' चित्रपटगृहांत लागला होता. पोरांना मी म्हणालो, तो पुन्हा बघा. झपाटलेपण म्हणजे काय ते बघा. कैकाडी समाजाचा जब्या काळ्या चिमणीच्या मागे रानोमाळ धावतो. तिची राख शालूवर टाकली की शालू आपली होईल, हे वेड त्याच्या डोक्यात आहे. तो शालूकडे लांबून बघतो. पण सिनेमाच्या शेवटी काय होते? अख्खे गाव जब्याकडे बघते. तो डुकराच्या मागे धावतो आणि गाव हसते, शालूही हसते. बघणाऱ्याचाच तमाशा होतो. डुक्कर बांधून नेताना मागे शाळेच्या भिंतीवर बाबासाहेब, जोतिराव, सावित्रीबाई. आणि मग जब्याने भिरकावलेला तो दगड, थेट कॅमेऱ्यावर, थेट आपल्यावर. नागराजने त्याच्याआधी 'पिस्तुल्या' नावाचा लघुपट केला होता, शाळेत जाऊ पाहणाऱ्या भटक्या जमातीच्या पोराचा. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. म्हणजे लघुपट ही काही हलकी गोष्ट नाही, पोरांनो. आणि २०१६ सालच्या 'सैराट'चा शेवट तर सगळ्यांना पाठ आहे. आर्ची-परश्या हैदराबादेत संसार थाटतात आणि किती वर्षांनी तरी जात दाराशी येते. चहा पिते.

पाठलाग करणारे नुसते गावगुंड असतात असेही नाही. १३ डिसेंबर २०२२ रोजी महाराष्ट्र शासनाने आदेश काढून आंतरजातीय आणि आंतरधर्मीय विवाह करणाऱ्यांची माहिती ठेवणारी राज्यस्तरीय समिती नेमली. ओरड झाली, तेव्हा दोनच दिवसांत आंतरजातीय हा शब्द काढला आणि आंतरधर्मीय तेवढे ठेवले. आमचा शब्द काढला म्हणून आम्ही गप्प बसायचे काय? जातिसंस्था मोडायची तर आंतरजातीय विवाह हाच खरा उपाय, असे बाबासाहेबांनी १९३६ साली 'जातिसंस्थेचे उच्चाटन'मध्ये मांडले. जिथे सरकारने आहेर घेऊन उभे राहायचे, तिथे सरकार वही-पेन्सिल घेऊन उभे राहते. पारधी, कैकाडी, वडार यांना यात नवे काही वाटणार नाही. इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला, आणि पुढे त्याखाली त्यांच्या आज्या-पणज्यांनी रोज हजेरी दिली. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी ते विमुक्त झाले म्हणतात. पण गावात चोरी झाली की पोलिसांची जीप आजही कोणत्या पालावर आधी जाते?

आणि मालेगावला तर पाळत म्हणजे काय हे कोणी शिकवायला नको. ८ सप्टेंबर २००६, शब-ए-बारातचा शुक्रवार. बडा कब्रस्तानाजवळ नमाजानंतर स्फोट झाले, तीसहून अधिक माणसे गेली. मेले मुसलमान आणि पकडलेही मुसलमान. नऊ तरुण. त्यांतले बहुतेक पाच वर्षांनी, २०११ मध्ये, जामिनावर बाहेर आले, आणि २५ एप्रिल २०१६ रोजी विशेष न्यायालयाने त्यांना आरोपमुक्त केले. पुढे २९ सप्टेंबर २००८ रोजी भिक्कू चौकात स्फोट झाला, सहा जण गेले. त्या खटल्यातले सातही आरोपी ३१ जुलै २०२५ रोजी पुराव्याअभावी सुटले. म्हणजे स्फोट झाले, माणसे मेली, आणि केले कोणी हे न्यायालयात ठरलेले नाही. २९ सप्टेंबर हीच खैरलांजीचीही तारीख आहे, २००६ सालची. अशा गावात रात्री मागे पावले वाजली की माणूस भुताला भीत नाही.

या दोन समाजांना बांधणारा धागा जुना आहे आणि तो शब्दशः धागा आहे. मुंबईच्या कापड गिरण्यांत अस्पृश्य कामगाराला विणकाम खात्यात घेत नसत. का? तर धोट्यातला दोरा तोंडाने ओढून काढावा लागे आणि उष्ट्याने इतरांचा धर्म बुडे. १९२८-२९ च्या गिरणी संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न लावून धरला. आणि मालेगावपासून हाकेच्या अंतरावरच्या मनमाडला, फेब्रुवारी १९३८ मध्ये, रेल्वेतल्या अस्पृश्य कामगारांच्या परिषदेत त्यांनी कामगारांचे दोन शत्रू नाव घेऊन सांगितले. ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही. आज आमची पोरे मालेगावच्या मागांवर मोमीन कामगारांच्या शेजारी उभी आहेत. तेव्हा हा लघुपट मागाच्या खडखडाटाने सुरू होतो, ते मला फार आवडले.

पोरे म्हणाली, सर, थरारपट करायचा तर इंग्रजीतूनच बघून शिकावे लागते, आपल्याकडे तसले काही नाही. मी कपाटातून बाबासाहेबांचे 'वेटिंग फॉर अ व्हिसा' काढून दिले. बडोद्याचा प्रसंग वाचा म्हटले. १९१७ साल. परदेशातून पदव्या घेऊन आलेला माणूस बडोद्याच्या नोकरीवर रुजू होतो आणि त्याला राहायला जागा मिळत नाही. एका पारशी सरायीत तो पारशी नाव लावून राहतो. वरच्या मजल्यावर एकटा. रात्री एक मिणमिणता दिवा, अडगळीचे सामान, वटवाघळे. दहा दिवस जातात. अकराव्या दिवशी सकाळी बाहेर पडायच्या वेळी जिन्यावर पावले वाजतात. एक नव्हे, अनेक. आणि दाराशी येऊन उभे राहतात काठ्या घेतलेले डझनभर पारशी. तू कोण आहेस? पोरांनो, याहून मोठा थरार कोणत्या इंग्रजी सिनेमात आहे? आणि तुमच्या लघुपटातली मोटारसायकलवाली माणसे जे विचारतात, तेच हे नव्हे काय?

दुसरी गोष्ट त्याहून जुनी. 'बुद्ध आणि त्याचा धम्म' या ग्रंथात पतितांच्या आणि गुन्हेगारांच्या धम्मदीक्षांमध्ये अंगुलीमालाची कथा आहे. ती आपण लहानपणापासून वंदनेनंतर ऐकतो आणि म्हणून नीट ऐकत नाही. तिच्याकडे एकदा सिनेमावाल्याच्या डोळ्यांनी बघा. श्रावस्तीकडचे रान. बोटांची माळ घातलेला, खुनाने झपाटलेला माणूस. पुढे एक श्रमण एकटा चाललेला. अंगुलीमाल जिवाच्या आकांताने धावतो आणि तथागत सावकाश चालतात, तरी अंतर कमी होत नाही. अंगुलीमाल ओरडतो, थांब. तथागत म्हणतात, मी तर थांबलोच आहे, तूच थांबायचा राहिला आहेस. आणि दुसरीकडे राजा प्रसेनजित घोडेस्वार घेऊन अंगुलीमालाला पकडायला निघालेला. म्हणजे पाठलाग करणाऱ्याचा पाठलाग. तुमच्या लघुपटाची रचना अडीच हजार वर्षे आधीच झालेली आहे! पण त्या कथेत अंगुलीमाल भिक्खू झाला तरी लोक ते विसरत नाहीत. भिक्षेला गेल्यावर त्याच्यावर दगड पडतात, डोके फुटते, आणि तथागत त्याला ते सहन करायला सांगतात. आधी केलेले धुऊन निघाले, असे तिथे कोणी म्हणत नाही.

दिग्दर्शक पोरगा विचार करू लागला. मग म्हणाला, "म्हणजे सर, मुलीनं मागं वळून बघायला पाहिजे?"

मी हो म्हणणार होतो. पण ती मुलगीच म्हणाली, "मागं वळून बघितलं तर काय होतं ते तुला माहीत नाही. मी काय बुद्ध आहे का? मी सतरा वर्षांची आहे. मला घरी जायचं असतं."

मी माझे वाक्य गिळले. तिचे बरोबर होते. एकटीने रस्त्यावर तथागत व्हावे, ही अपेक्षा तिच्याकडून करणे म्हणजे वस्तीने आपले काम तिच्यावर ढकलणे. तिच्या गल्लीत ओट्यावर बसलेले आठ-दहा जण असतात. विहारासमोर जयंतीच्या मंडपाचे बांबू पुरणारी पंचवीस पोरे असतात. ते सगळे त्या लघुपटात कुठे आहेत? एकही नाही. रस्ता मोकळाच दाखवला आहे. मी विचारले, खरोखर तो रस्ता त्या वेळी मोकळा असतो का? पोरे हसली. म्हणाली, नाही सर, आम्हीच सगळ्यांना बाजूला व्हायला सांगितले होते, चित्रीकरणात मधे येत होते म्हणून.

बाबासाहेबांनी १९४२ साली नागपूरच्या महिला परिषदेत समाजाची प्रगती स्त्रियांच्या प्रगतीवरून मोजतो असे सांगितले. ते आपण बॅनरवर छापतो आणि बॅनरच्या खाली उभे राहून मुलींवर शेरे मारणारे आपल्याच मंडळाचे सभासद असतात. २०१५ साली अत्याचार प्रतिबंधक कायद्यात दुरुस्ती झाली. अनुसूचित जाती-जमातीच्या स्त्रीला तिच्या संमतीशिवाय स्पर्श करणे, तिच्याबद्दल लैंगिक अर्थाचे शब्द किंवा हावभाव करणे, हे सवर्णाने केले तर तो कायदा लागतो. आपल्या पोराने केले तर तो लागत नाही. मग तेव्हा काय लागायचे? समिती बोलावते का? वर्गणी परत करते का? मी तीस वर्षे जयंती समित्यांमध्ये बसतो आहे. ध्वनिक्षेपकाच्या भाड्यावर रात्र रात्र भांडलो आहोत. या विषयावर एकदाही बैठक झाल्याचे मला आठवत नाही. यात मीही आलो.

तासाभराने पोरे उठली. लघुपट आहे तसा दाखवायचा नाही, एवढे त्यांनी आपसांत ठरवले. मी तसे सांगितले नव्हते. पाठलागाचा भाग पुन्हा घ्यायचा, त्यात मोबाईल मुलीच्या हातात राहील, तिला जे दिसते तेच दिसेल. सायकल तीच. ओट्यावरच्या माणसांना या वेळी बाजूला करायचे नाही. मोटारसायकलवाल्यांचा शेवट ठेवायचा, पण त्या तरुणाने मुलीचे काय केले हे कोणीतरी त्याला विचारायचे. कोणी विचारायचे, यावर एकमत झाले नाही. एक जण म्हणाला आईने, एक म्हणाला मित्राने. मुलीचे म्हणणे, शेजारच्या मागावरचा मोमीन कामगार दाखवा, तो रोज त्याला जाताना बघत असतो.

येत्या शुक्रवारी माग बंद आहेत, तेव्हा चित्रीकरण आहे. मागांचा आवाज त्यांनी आधीच मोबाईलमध्ये धरून ठेवला आहे. जयंती समितीच्या अध्यक्षांनी निरोप पाठवला आहे की आधी आम्हाला दाखवा, मग ठरवू. मुलीच्या घरून नावाबद्दल अजून होकार आलेला नाही. तिच्या आईने एवढेच कळवले आहे की शुक्रवारी ती स्वतः सोबत येणार आहे.